मक्षिकास्थाने मक्षिका

पोथी वाचून संपली की वाचणारा ती मिटून बासनात बांधतो. शेवटच्या पानावरील शेवटच्या चार ओळींकडे त्याचे लक्ष जातेच असे नाही. ग्रंथकर्त्याचे म्हणणे तेथे संपलेले असते आणि ज्याने ती पोथी हाताने उतरून काढली, तो पहिल्यांदाच स्वतःविषयी बोलू लागतो. तो शक आणि संवत्सर सांगतो, तिथी, वार व गावाचे नाव सांगतो आणि मग एक विनवणी करतो. जसे पुस्तक समोर होते तसेच उतरले आहे. ते शुद्ध असो वा अशुद्ध, दोष मला देऊ नये. पाठ, कंबर आणि मान मोडून, दृष्टी खिळवून, मुख खाली घालून हे लिहिले आहे. तेव्हा तेलापासून, पाण्यापासून आणि सैल बांधणीपासून त्याला जपावे व मूर्खाच्या हाती देऊ नये. या आशयाचे संस्कृत श्लोक भारताच्या अनेक प्रांतांतील पोथ्यांच्या अखेरीस थोड्याफार फरकाने आढळतात. गंमत अशी, की चुकांबद्दल क्षमा मागणारे हे श्लोकही पुष्कळदा अशुद्धच उतरलेले असतात!

या माणसाला जुन्या भाषेत 'लेखक' म्हणत. आज आपण ग्रंथ रचणाऱ्याला लेखक म्हणतो. पूर्वी रचणारा तो कर्ता आणि लिहून काढणारा तो लेखक, असा भेद होता. ज्ञानेश्वरीच्या शेवटी सच्चिदानंदबाबांचा उल्लेख 'लेखक' असा येतो, तो याच अर्थाने. लेखकाचे काम मोजण्याची रीतही ठरलेली होती. बत्तीस अक्षरांचा एक 'ग्रंथ' धरावयाचा आणि अशा ग्रंथांच्या संख्येवरून पोथीचा विस्तार व लेखकाची मजुरी ठरवावयाची. कर्त्याला जो विचार सुचला त्याचे मोल कोणी मोजले असेल ते असो. लेखकाच्या पाठदुखीचे मोल मात्र अक्षरागणिक मोजले जाई.

या कामाची योग्यता समर्थ रामदासांनी ओळखली होती. दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकातील पहिला समास त्यांनी लेखनक्रियेलाच वाहिला आहे. अक्षर वाटोळे, सरळ आणि मोकळे असावे. ग्रंथाचे पहिले अक्षर आणि शेवटचे अक्षर एकाच टाकाने लिहिल्यासारखे दिसावे, असे ते सांगतात. पानाच्या चारी बाजूंना जागा सोडून मधोमध लिहावे, म्हणजे कागद झडला तरी अक्षर झडणार नाही, ही सूचना तर ज्याने जुन्या पोथ्यांच्या कुरतडलेल्या कडा पाहिल्या आहेत त्याचीच असू शकते.

इतकी काळजी घेऊनही चुका होतच. त्या का होत, हे समजण्यासाठी जुन्या पोथीचे एक पान डोळ्यांसमोर आणले पाहिजे. त्यावर शब्द सुटे नाहीत. ओळीच्या आरंभापासून अखेरपर्यंत अक्षरांची एक सलग माळ आहे. 'आजीवनातगेली' असे समोर आले, तर आजी वनात गेली हे कळावयास क्षणभर थांबावे लागते. डोळा आधी 'जीवनात' या शब्दावर जाऊन बसतो. त्यातच घ आणि ध, भ आणि म, प आणि य ही अक्षरे एकमेकांची भावंडे शोभावीत अशी. शाई थोडी फिकी पडली की 'घन'चे 'धन' होते आणि 'भरण'चे 'मरण' होते. जुन्या वळणाचा ख तर र आणि व शेजारी ठेवल्यासारखाच दिसे. त्यामुळे 'खाना' आणि 'रवाना' यांतले अंतर केवळ वाचणाऱ्याच्या समजुतीवर अवलंबून राही.

पश्चिम भारतातील जुन्या नागरी पोथ्यांत, विशेषतः जैन ग्रंथभांडारांतील हस्तलिखितांत, आणखी एक अडचण आहे. आज आपण एकाराची मात्रा अक्षराच्या डोक्यावर देतो. त्या काळी ती अक्षराच्या आधी, मागच्या बाजूस, उभ्या रेघेसारखी काढीत. तिला पडीमात्रा किंवा पृष्ठमात्रा म्हणतात. ही रेघ कान्यासारखी दिसते. 'न केले' एवढे दोन शब्द त्या पद्धतीने लिहिले, तर अनभ्यस्त डोळ्याला ते 'नाकाल' असे दिसू शकतात. ही पद्धत मागे पडल्यानंतरच्या काळातील लेखकाच्या हाती अशी पोथी आली, तर त्याने बिचाऱ्याने काय करावे?

काही चुका अक्षरांच्या नसून डोळ्यांच्या असतात. नकल करणाऱ्याची दृष्टी सतत येरझाऱ्या घालीत असते: मूळ पोथीवर एक नजर, आपल्या कागदावर एक नजर. परत जाताना ती मागच्याच जागी पोहोचेल असा भरवसा नाही. लागोपाठच्या दोन ओव्यांचा शेवट एकाच शब्दाने होत असला, तर पहिलीच्या शेवटावरून निघालेली नजर दुसरीच्या शेवटावर उतरते आणि मधली सबंध ओवी गळून जाते. उलट, नजर एक ओळ मागे उतरली तर तीच ओवी दोनदा लिहिली जाते. कधी कोणा वाचकाने कठीण शब्दाचा अर्थ समासात टिपून ठेवलेला असतो. पुढच्या लेखकाला तो गळालेला मजकूर वाटतो आणि टीप मूळ ग्रंथात जाऊन बसते.

चूक लेखकाच्या स्वतःच्याच लक्षात आली, तर उपायही होते. राहून गेलेले अक्षर समासात लिहून, त्याची जागा दाखवण्यासाठी ओळीत हंसपद नावाची लहानशी खूण करीत. नको असलेल्या अक्षरावर हरताळ या पिवळ्या खनिजाचा लेप देत आणि तो वाळला की त्यावर नवे अक्षर काढीत. केलेल्या कामावर 'हरताळ फासणे' हा वाक्प्रचार येथूनच आला. दुकाने बंद ठेवण्याचा 'हरताळ' हा निराळा शब्द आहे; त्याचे नाते टाळ्याशी जोडले जाते, या लेपाशी नाही.

आता त्या माशीची गोष्ट. मूळ पोथीच्या पानावर एक माशी चिकटून मेलेली होती. नकल करणाऱ्याने तेवढ्याच जागी, एक माशी मारून, आपल्या पानावर चिकटवली. न समजता केलेल्या नकलेला 'मक्षिकास्थाने मक्षिका' म्हणतात ते या गोष्टीवरून. पिढ्यान्‌पिढ्या आपण या लेखकाला हसत आलो आहोत. परंतु ज्यांनी प्राचीन ग्रंथांच्या संशोधनात आयुष्य घालवले, ते त्याला हसणार नाहीत. असा लेखक भेटला तर ते त्याला नमस्कारच करतील.

याचे कारण शाळेतल्या एका साध्या अनुभवात सापडते. दोन विद्यार्थ्यांची उत्तरे बरोबर आली, तर शिक्षकांना संशय घेण्याचे कारण नसते. दोघांचे उत्तर सारखेच चुकले, आणि तेही चमत्कारिक रीतीने, तर एकाने दुसऱ्याच्या वहीत पाहिले किंवा दोघांनी तिसऱ्याच्या वहीत पाहिले, हे उघड होते. पोथ्यांचेही असेच आहे. कर्त्याच्या हातची प्रत बहुधा नष्ट झालेली असते. उरतात त्या नकलांच्या नकला. त्यांतील कोणती कोणावरून उतरली, हे ठरवताना शुद्ध ओळींचा काही उपयोग होत नाही, कारण त्या सर्वत्र सारख्याच असतात. समान चुकाच नाते सांगतात. एकच ओवी ज्या पाच पोथ्यांत गळालेली आहे, त्या पाचही एका कुळातल्या असण्याचा संभव मोठा. असा वंशवृक्ष मांडीत मांडीत अभ्यासक मुळाच्या जवळ सरकतो. माशीच्या जागी माशी ठेवणारा लेखक म्हणूनच त्याचा खरा मित्र होय. त्याने आपल्यापुढील पोथी बिघडलेल्या अवस्थेत का होईना, जशीच्या तशी पुढे पोहोचवलेली असते.

धोका असतो तो शहाण्या लेखकाकडून. त्याला भाषा कळते, छंद कळतो, कथाही ठाऊक असते. जुना, अडखळवणारा शब्द दिसला की तो त्याला चूक वाटतो आणि तेथे ओळखीचा, सोपा शब्द बसवला जातो. ओळ वाचावयास गोड होते आणि मूळ शब्द कायमचा नाहीसा होतो. मागे त्याची खूणही राहत नाही. म्हणूनच दोन पाठांपैकी एक कठीण आणि एक सोपा असला व दोहोंचा अर्थ लागत असला, तर कठीण पाठ अधिक जुना मानण्याकडे संपादकांचा कल असतो. सोप्याचे कठीण करण्याची दगदग कोणता लेखक करील?

पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सक आवृत्ती तयार करताना याच विचाराचा अवलंब केला. हे काम १९१९ मध्ये सुरू झाले. १९२५ पासून त्याची धुरा डॉ. विष्णु सीताराम सुकथनकर यांनी वाहिली. १९४३ मध्ये त्यांचे निधन झाल्यावर इतर विद्वानांनी ते पुढे चालवले आणि १९६६ मध्ये ते पूर्ण झाले. शारदा, नेवारी, बंगाली, देवनागरी, ग्रंथ, तेलुगू, मलयाळम अशा नाना लिप्यांतील पोथ्या अक्षर अक्षर ताडून पाहिल्या गेल्या. त्या कसोटीत जे टिकले नाही, त्यात एक प्रसंग असा होता, की तो वगळताना संपादकांच्या चेहऱ्यावर स्मित उमटले असेल. व्यासांनी सांगावे आणि गणपतीने लिहावे, ही ती कथा. लेखणी थांबता कामा नये ही गणपतीची अट आणि अर्थ समजल्याखेरीज लिहू नये ही व्यासांची अट, हे सर्वांना ठाऊक आहे. महत्त्वाच्या जुन्या पोथ्यांत हा प्रसंग नाही. म्हणून आदिपर्वाच्या मूळ पाठातून काढून त्याला परिशिष्टात जागा देण्यात आली. म्हणजे भारतातील सर्वांत प्रसिद्ध लेखकाचीच कथा कोणा निनावी हाताने मागाहून घातलेली निघाली! व्यासांची अट देवाला मानवली असेल. माणसांच्या बाबतीत अर्थ समजून लिहिणाऱ्यानेच अधिक घोटाळा केलेला दिसतो.

मराठीत या प्रश्नाला सर्वांत हळवे रूप आले ते ज्ञानेश्वरीच्या बाबतीत. ग्रंथ सिद्ध झाला शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० मध्ये. सुमारे तीनशे वर्षे तो हस्तोहस्ती फिरला. पाठ करणाऱ्यांनी, निरूपण करणाऱ्यांनी, भाविकांनी त्यात आपापले शब्द मिसळले. एकनाथ महाराजांनी अनेक प्रती जमवून शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ मध्ये, ग्रंथ शुद्ध केला. आणि जो कोणी यापुढे यात स्वतःची ओवी घालील, त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असे समजावे, असा इशाराही दिला. प्रक्षेपाविरुद्धचा इतका जळजळीत शब्द आपल्या जुन्या वाङ्मयात क्वचितच असेल.

तरीही अभ्यासकांना स्वस्थता लाभली नाही. एकनाथ स्वतः थोर कवी होते, सोळाव्या शतकातली मराठी बोलत होते. तेराव्या शतकातले काही शब्द त्यांच्या हातून नकळत सोपे झाले असतील काय? ही शंका भक्तीला रुचणारी नव्हती, पण ती टाळणेही शक्य नव्हते. एकनाथपूर्व पोथ्यांचा शोध सुरू झाला. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी १९०९ मध्ये एक प्रत अधिक जुनी म्हणून प्रसिद्ध केली आणि तिच्या जुनेपणावरून वाद झडले. ज्ञानदेवांच्या तोंडून निघालेला शब्द नेमका कोणता, ही तळमळ या साऱ्या वादांच्या तळाशी होती. ज्या घरांत ज्ञानेश्वरीचे रोज पारायण होते, तेथे हा प्रश्न केवळ विद्वत्तेचा राहत नाही.

एका अक्षराने केवढे अंतर पडू शकते, हे मराठी माणसाला 'ध चा मा' या शब्दांनी शिकवले आहे. १७७३ मध्ये शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. 'धरावे'चे 'मारावे' केले गेले, अशी हकीकत लोकांच्या तोंडी आहे. तिच्या तपशिलाविषयी इतिहासकारांत एकमत नाही. परंतु याहून दूरवर पोहोचलेला एक अक्षरबदल आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील अठराव्या सूक्तात, सौभाग्यवती स्त्रियांनी प्रथम पुढे जावे अशा अर्थाच्या ऋचेत 'अग्रे' हा शब्द आहे. बंगालमधील स्मृतिकार रघुनंदन यांच्या ग्रंथाच्या छापील पाठात त्याच्या जागी 'अग्नेः', म्हणजे अग्नीचे, असे आले. आणि हीच ऋचा सतीच्या चालीला वेदांचा आधार म्हणून दाखवली जाऊ लागली. १७९५ मध्ये कोलब्रुक यांनी केलेल्या इंग्रजी भाषांतरातही अग्नीच आला. १८२९ मध्ये कायद्याने सतीची चाल बंद झाली. हा पाठ चुकीचा असल्याचे विल्सन आणि मॅक्सम्युलर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर दाखवून दिले. बदल कोणी हेतुपुरस्सर केला, की ग्रे आणि ग्ने यांच्या सारखेपणातून तो आपोआप घडला, याविषयी मतभेद आहेत. ही चाल एका अक्षरामुळे निर्माण झाली असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. पण चिता रचणाऱ्यांच्या हाती ते अक्षर पडले होते, हे खरे. आणि या सर्व काळात पदपाठ, क्रमपाठ, घनपाठ म्हणणाऱ्या वैदिकांच्या मुखात 'अग्रे' हाच शब्द होता. शेजारच्या घरात कोणाला ते विचारण्याची गरज वाटली नाही.

चिकित्सक आवृत्तीचे एखादे पान उघडले, तर वरच्या भागात मोठ्या अक्षरांत संपादकांनी स्वीकारलेला पाठ दिसतो आणि खाली बारीक अक्षरांत पाठभेदांच्या दाट ओळी. प्रत्येक पोथीला एक सांकेतिक अक्षर दिलेले असते. अमुक पोथीत हा शब्द असा, तमुक पोथीत हा चरण नाही, अमुक पोथीत ही ओळ दोनदा, अशी नोंद पानामागून पान चालते. दिवेलागणीच्या वेळी कोणाची नजर एक ओळ खाली घसरली, कोणाला पडीमात्रा उमजली नाही, कोणी शहाणपणाने शब्द बदलला, हे सर्व तेथे टिपलेले आहे. दोष देऊ नये म्हणून ज्याने शेवटच्या पानावर हात जोडले होते, त्याची प्रत्येक चूक संपादकांनी जपून, पोथीच्या खुणेसकट, छापली आहे.