पंधरा बिया

‘स्टारड्यू व्हॅली’ हा संगणकावरचा खेळ २०१६ साली आला. एरिक बॅरोन या एकट्याने तो घडवला. आजोबांनी मागे ठेवलेली माजलेली जमीन कसायची, एवढेच त्यात. हाती ५०० नाणी आणि १५ बिया!

मॉड घातले की दिवस लांबतो, पीक झटपट येते, कोठार भरते; पण उद्याची वाट पाहणे संपते. आणि वाट पाहायची नसेल, तर शेती तरी कशाला करायची?

मॉड काढणे सोपे. एक फोल्डर रिकामे केले की झाले. सेव्ह केलेला खेळ पुसताना मात्र हात अडखळला. त्या शेतावर ताईचे खोपट होते. तिच्या लग्नाआधी आम्ही दोघे मिळून खेळत असू. फोनवर विचारले, तर हसून म्हणाली, “पुसून टाक रे! मी आता कुठे तिथे राहते?”

पुसण्याआधी क्लाउड बंद करावा लागतो. नाहीतर पुसलेले पुन्हा परत येऊ शकते. मनाचा क्लाउड कुणी बंद करावा?

काल त्या १५ बिया पेरल्या. गाजरासारखे ते कंद यायला ४ दिवस लागतात. विहिरीला आणि गोठ्याला जागा आखली. तळ्याकाठचा एक तुकडा मात्र मोकळा ठेवला आहे. न जाणो, ताई माहेरपणाला आली तर!