कंदिलाची काच

माझा नातू पुण्याला असतो. सुट्टीत तो आमच्याकडे आला की त्याच्याबरोबर एखादे जाडजूड पुस्तक येते आणि त्या पुस्तकातले जग महिनाभर आमच्या ओटीवर मुक्काम ठोकते. गेल्या मे महिन्यात आलेल्या जगात एक यंत्र होते. त्यात समुद्रकाठची वाळू भरायची आणि समोर उभे राहून ठरावीक सूर लावायचा. सूर बरोबर लागला की वाळूची काच होते, आणि तो जसा चढेल-उतरेल तसा काचेला आकार येतो. बेसूर माणसाच्या पदरात मात्र नुसती वाळू!

"आजोबा, असं खरंच करता येईल?"

मी जन्मभर प्राथमिक शाळेत शिकवले. 'नाही' म्हणायची जिभेला सवयच. म्हणालो, "नुसती वाळू वितळायला सतराशे अंशांच्या आसपास उष्णता लागते. सोडा मिसळला तर काही कमी. तुझ्या त्या गवयाने वर्षभर आलाप घेतले तरी कपातला चहा कोमट व्हायचा नाही."

पोराचे तोंड उतरले. मग मीच जरा नमते घेतले. क्लाड्नी नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने १७८७ साली आपले नादाचे प्रयोग छापले, त्यांची गोष्ट सांगितली. पातळ तबकडीवर वाळू भुरभुरवून तिच्या कडेवरून सारंगीसारखा गज ओढला की वाळू धावत जाऊन नक्षीत उभी राहते. तबकडी जिथे थरथरत नाही तिथे ती थांबते, एवढेच त्यातले गुपित. म्हणजे सुराने वाळूला रांगेत उभे करता येते. हे तर मास्तरांच्याच उपयोगाचे यंत्र झाले, असे म्हणून मी हसलो. तो हसला नाही.

रात्री अंथरुणावर पडलो आणि वाटले, आपण पोराला अर्धेच उत्तर दिले. कारण असे यंत्र मी पाहिले होते. फक्त त्यात सुराच्या जागी श्वास होता.

मी दहा वर्षांचा असताना वडील मला तळेगावला घेऊन गेले होते. तिथला पैसा फंडाचा काच कारखाना त्यांना बघायचा होता. लोकांकडून पैसा-पैसा वर्गणी गोळा करून १९०८ साली उभा राहिलेला हा स्वदेशी कारखाना म्हणजे वडिलांचे पंढरपूरच. मला आठवते ती भट्टीची धग, आणि एक उघडाबंब माणूस. त्याने लांब लोखंडी नळीच्या टोकाला लालभडक गोळा उचलला, नळी ओठांना लावली, गाल फुगवले. गोळा हळूच फुगला. नळी तो सारखी फिरवीत होता. थांबली असती तर गोळा एका बाजूला ओघळला असता. नीट निववली नाही तर काच आपोआप तडकते, असे तो वडिलांना सांगत होता. परतताना वडिलांनी कंदिलाची एक काच विकत घेतली आणि डहाणू रोडपर्यंत मांडीवर धरून आणली.

पुढे मी तलासरीकडच्या एका पाड्यावर मास्तर म्हणून गेलो, तिथे एक वारली म्हातारा तारपा बनवीत असे. वाळवलेला दुधी, त्यात मेणाने बसवलेल्या दोन नळ्या, टोकाला ताडाच्या पानांचा कर्णा. दुधी निवडताना तो बोटाच्या पेराने ठोकून कानाशी धरायचा. सात-आठ दुधी बाजूला टाकायचा तेव्हा कुठे एक पसंत पडे. मी एकदा विचारले, काय ऐकता? तो म्हणाला, "गुरुजी, हा बोलतो. ते मुके."

भात घरात आले की रात्री तारपा सुरू व्हायचा. तारपकरी मधे, आणि कमरेत हात गुंफलेला नाच त्याच्याभोवती. गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांनी तो कागदा-कापडावर काढला आणि जगाने पाहिला. मी तो शेणाने सारवलेल्या अंगणात पाहत असे, आणि माझे लक्ष नाचाकडे कमी, म्हाताऱ्याच्या गालांकडे जास्त. फुंकताना तो नाकाने श्वास घेई, म्हणून सूर तुटत नसे. तेच फुगलेले गाल, तीच नळी, टोकाला तसाच गोल पोटाचा गोळा! तळेगावचा माणूस आणि हा, दोघांना एका ओटीवर बसवावे असे मला फार वाटे.

आता त्या काचेचे सांगतो. वीज आली, कंदील गेला, काच मात्र आईने फळीवर पितळी पेल्याला टेकवून ठेवली. नोव्हेंबर २०१८ पासून आमच्या डहाणू-तलासरीला भूकंपाचे धक्के बसू लागले. धुंदलवाडी आमच्यापासून फार लांब नाही. आधी सुरुंग फुटल्यासारखा आवाज, मग हादरा. हे धक्के उथळ, जमिनीच्या पोटात फार खोल नव्हेत, म्हणून त्यांचा आवाज वर ऐकू येतो. संशोधकांनी यंत्रे बसवली, पावसाच्या झिरपलेल्या पाण्याशी संबंध जोडला. आमच्या घरचे यंत्र म्हणजे ती काच. बारीकसा हादराही असला तरी ती पेल्यावर किणकिणायची, की आई उठून अंगणात.

रात्री-बेरात्री त्या किणकिणीने मला झोप येईना. जानेवारीत एके दिवशी, आईला न विचारता, मी काच तुसाच्या डब्यात घालून माळ्यावर ठेवली.

१ फेब्रुवारी २०१९ ला एकामागून एक धक्के बसले, मोठा ४.१ चा. त्या दिवशी घाबरून पळताना पडून हळदपाड्याला दोन वर्षांची एक मुलगी गेली. मी वाडीत होतो. आई आत आडवी झालेली. मी पोचलो तेव्हा तिच्या उशापासून हातभर अंतरावर कौल फुटून पडले होते. ती उठून बसली होती, आणि फळीकडे बघत होती.

"काच कुठे आहे?" तिने विचारले.

मी सांगितले. ती काही बोलली नाही. दोन दिवस बोलली नाही. पाड्यांवरची माणसे तेव्हा थंडीत उघड्यावर निजत होती. आम्हीही अंगणात खाटा टाकल्या होत्या. तिसऱ्या दिवशी मी माळ्यावर चढलो.

सकाळी नातवाला हे सारे सांगितले. त्याने पुस्तक मिटले आणि तडक पणजीकडे गेला. तिला आता नव्वदी गाठायला थोडेच कमी आहे. तिने काच फळीवरून काढायला लावली, पदराने पुसली आणि नखाने टिचकी मारून त्याच्या कानाशी धरली.

"ऐकलंस?"

"हो."

"मग ठेव जागेवर. पेल्याला टेकव, नाहीतर वाजायची नाही."