पोहांगची शाळा आणि खिशातले पत्र

१० ऑगस्ट १९५०. कोरियाच्या पूर्व किनाऱ्यावरील पोहांग शहरात, मुलींच्या एका माध्यमिक शाळेच्या आवारात, ली वू-गन नावाचा विद्यार्थी आईला पत्र लिहीत होता. दुसऱ्या दिवशी तो मारला गेला. पत्र त्याच्या खिशात सापडले. '७१: इन्टू द फायर' हा २०१० सालचा दक्षिण कोरियन चित्रपट त्याच शाळेतील लढाईवर बेतलेला आहे आणि त्यातील नायक आईला उद्देशून जे बोलतो, त्याचे मूळ या पत्रात आहे.

त्या वर्षी २५ जूनला उत्तर कोरियाचे सैन्य दक्षिणेत घुसले आणि तीनच दिवसांत सोल पडले. ऑगस्टच्या आरंभी दक्षिणेच्या हाती द्वीपकल्पाचा आग्नेय कोपरा तेवढा उरला होता : पश्चिमेला नाकडोंग नदीची आघाडी, पाठीशी बुसान बंदर आणि पूर्वेच्या टोकाला पोहांग. दक्षिणेची तिसरी डिव्हिजन पोहांगच्या उत्तरेला किनाऱ्यावर कोंडली गेली होती. पुढे १७ ऑगस्टला तिला समुद्रमार्गे बाहेर काढावे लागले. तिचे पिछाडीचे मुख्यालय या शाळेत होते आणि ते राखण्याचे काम आले ७१ विद्यार्थी-स्वयंसेवकांवर.

'माध्यमिक शाळा' या शब्दाने फसू नये. त्या काळी कोरियातील माध्यमिक शिक्षण सहा वर्षांचे असे; त्यामुळे यांतील बरेच जण सोळा-सतरा वर्षांचे होते. तरीही ती मुलेच. अंगावर शाळेचा गणवेश, हाती नुकतीच मिळालेली बंदूक. त्यांना लष्करी क्रमांकही नव्हता, म्हणजे सैन्याच्या कागदोपत्री ते सैनिकच नव्हते.

११ ऑगस्टच्या पहाटे हल्ला सुरू झाला. शाळा सुमारे अकरा तास लढली. तेवढ्या अवधीत मुख्यालय आणि शहरातील बरेच नागरिक बाहेर पडू शकले. ७१ पैकी ४८ जण मारले गेले. उरलेल्यांपैकी काही जखमी झाले, काही शत्रूच्या हाती सापडले.

युद्धाच्या साठाव्या स्मरणवर्षी आलेल्या चित्रपटाला एवढे पुरेसे वाटले नाही. त्याला चेहरा असलेला खलनायक हवा होता, म्हणून ७६६व्या तुकडीचा पांढऱ्या गणवेशातला रुबाबदार सेनानी कल्पिला गेला आणि अखेरचा सामना शाळेच्या छतावर रंगवला गेला. खऱ्या ७६६व्या तुकडीचा प्रमुख ओ जिन-ऊ पुढे उत्तर कोरियाचा संरक्षणमंत्री झाला आणि १९९५ पर्यंत जगला. प्रत्यक्षात ती तुकडी पोहांगच्या लढायांत इतकी झिजली, की त्याच ऑगस्टमध्ये ती मोडून तिचे सैनिक दुसऱ्या डिव्हिजनमध्ये मिसळावे लागले. चित्रपटाने घेतलेले हे स्वातंत्र्य क्षम्य आहे. युद्धपट असेच रचले जातात. 'बिग बँग' या गायकवृंदातील चोई सुंग-ह्युनने नायकाचे भेदरलेपण चांगले पेलले आहे आणि अखेरच्या श्रेयनामावलीबरोबर वाचलेल्या वृद्ध विद्यार्थ्यांचे बोलणे येते, तेव्हा छतावरचा सारा गदारोळ मागे पडतो.

खटकते ते वेगळेच. पराक्रमाचा पट उभा करताना पत्रातील सर्वांत अवघड गोष्ट पार्श्वध्वनीसारखी वापरली जाते. कारण पत्राची सुरुवात शौर्याने नव्हे, कबुलीने होते. आपण माणसे मारली, असे ली आईला सांगतो. मधे फक्त एक दगडी भिंत, पलीकडे दहाएक जण. त्याने हातबॉम्ब फेकले. स्फोटाचा आवाज अजून कानात घुमतो आहे, शत्रूचे हातपाय तुटून पडलेले त्याने पाहिले. ते शत्रू असले तरी माणसेच होती, आपलीच भाषा बोलणारी, आपल्याच रक्ताची, हे तो लिहितो आणि युद्ध का करावे लागते, असे आईलाच विचारतो. ज्या देशात दोन्ही बाजूंना एकच भाषा होती, तिथे हा प्रश्न एका शाळकरी मुलाने लढाईच्या आदल्या दिवशी, शत्रू समोर असताना विचारला. साठ वर्षांनंतर, पडद्यावर, तो विचारणे त्या मानाने सोपे होते.

बाकीचे पत्र घरचे आहे. त्याला भीती वाटते. आपण इथे ७१ जण आहोत, असे तो कळवतो. आतले कपडे त्याने स्वतःच धुतले; ते घालताना आईने धुतलेले पांढरे कपडे आठवले आणि त्याबरोबर कफनही. लेट्यूसच्या पानात गुंडाळलेला भात खावासा वाटतो, झऱ्याचे गार पाणी घटाघटा प्यावेसे वाटते. मग शत्रू पुन्हा जवळ येत असल्याचे तो लिहितो आणि आईचा निरोप घेतो. लगेच तो निरोप मागेही घेतो : निरोप नव्हे, पुन्हा पत्र लिहीन.