लैला मुराद आणि माझा एक फॉरवर्ड

माझे मामा बरीच वर्षं कुवेतला होते. सुट्टीवर आले की खजूर आणायचे आणि सोबत अरबी गाण्यांच्या कॅसेट. त्यातला एक आवाज डोक्यात राहिला, इजिप्तच्या लैला मुरादचा. शब्द कळायचे नाहीत, तरी ऐकायचो.

परवा तिचा १९४९ चा 'गझल अल-बनात' पाहिला. अरबीत नापास झालेली पाशाची लाडकी लेक आणि तिला शिकवायला आलेला गरीब, वय झालेला मास्तर. मास्तर तिच्या प्रेमात पडतो आणि शेवटी स्वतःच समजून बाजूला होतो. मास्तरचं काम करणारा नगीब अल-रिहानी सिनेमा लागायच्या आधीच गेला होता. हसता हसता घसा दाटतो.

मग तिच्याबद्दल वाचत गेलो. जन्म १९१८ चा, ज्यू घरातला. वडील झाकी मुराद गायक. १९३८ मध्ये मोहम्मद अब्देल वहाबसोबत पडद्यावर आली. पुढे तोगो मिझराहीच्या सिनेमांनी तिला घराघरांत नेलं. अन्वर वगदीशी लग्न झालं, त्याच्यासोबत एकामागून एक सिनेमे गाजले. १९४० च्या दशकात तिने इस्लामही स्वीकारला.

आणि १९५२ साली अफवा उठली, की ही इस्रायलला जाऊन आली, तिकडे पैसे दिले. सीरियात तिच्या गाण्या-सिनेमांवर बंदी आली. इजिप्तमध्ये चौकशी झाली, त्यात काहीच निघालं नाही. तिने नव्या राजवटीच्या घोषणेवर गाणंसुद्धा गायलं. लोक रोज जिची गाणी गुणगुणत होते, तिलाच 'मी तुमचीच आहे' हे सिद्ध करावं लागलं!

१९५५ मध्ये तिचा शेवटचा सिनेमा आला. तेव्हा ती सदतिशीची होती. त्यानंतर चाळीस वर्षं जगली, पण पडद्यावर परत आली नाही. फक्त अफवेमुळेच थांबली असं मी म्हणणार नाही. माणूस थांबतो त्याला दहा कारणं असतात. पण चौकशीत सुटली तरी अफवा काही सुटली नाही. ती आजही तिच्या नावामागे लिहिली जाते. बघा, मीही लिहिलीच की.

हे सगळं आज का सांगतोय? दोन वर्षांपूर्वी आमच्या ग्रुपवर गल्लीतल्या एका दुकानदाराबद्दल मेसेज आला होता. 'हा भलत्या लोकांना पैसे पाठवतो.' पुरावा काही नाही. मी तो दोन ग्रुपवर ढकलला. वाटलं, सावध केलेलं बरं. पुढे ते साफ खोटं निघालं. पण तोवर गिऱ्हाईक तुटलं होतं. 'आमचं चुकलं' असं ग्रुपवर कुणीच म्हणालं नाही. मीही नाही.

लैलाबद्दलची अफवा वर्तमानपत्रांतून फिरली, आपली बोटांवरून फिरते. फरक तेवढाच.

तो मेसेज मी पुढे पाठवला होता, तो खोटा होता, माझं चुकलं. आज त्या दोन्ही ग्रुपवर हेच लिहितोय. संध्याकाळी दुकानात जाऊन त्यालाही सांगणार आहे.