सहा सुरांचं घड्याळ

अब्बांच्या जियारतीच्या दिवशी दुपारी पाहुणे पांगले आणि घरात एकच आवाज उरला. आतल्या खोलीत माझा १२ वर्षांचा भाचा गेम खेळत होता. आपा त्याच्यावर ओरडायला निघाली. मी म्हटलं, "राहू दे आपा. तीन दिवस पोरगं गप्प बसलंय."

मी त्याच्याजवळ जाऊन टेकलो. गेमचं नाव 'द लेजंड ऑफ झेल्डा : मेजोराज मास्क'. २००० साली आलेला, म्हणजे भाच्याहून वयाने कितीतरी मोठा. टर्मिना नावाच्या दुनियेवर चंद्र कोसळणार असतो आणि हातात असतात फक्त तीन दिवस, ७२ तास. लिंक नावाच्या पोराकडे ओकारिना हे फुंकून वाजवायचं छोटं वाद्य असतं. काही सूर त्यावर ठरलेल्या क्रमाने वाजवले की काळ त्याचं ऐकतो.

"मामू, हे बघा," भाचा म्हणाला. पडद्यावर एक पट्टी उमटली. उजवा बाण, 'ए', खालचा बाण. पुन्हा तेच तीन. झालं, पहिल्या दिवसाची सकाळ परत आली.

"आणि उलटं वाजवलं तर?"

"खालचा, 'ए', उजवा, असं दोनदा. मग वेळ हळू चालते. आणि प्रत्येक सूर जोडीने वाजवला, उजवा-उजवा, 'ए-ए', खालचा-खालचा, तर मधला वेळ गाळून थेट संध्याकाळ, नाहीतर थेट सकाळ."

खुणा तीनच. क्रम बदलला की काळ मागे जातो, मंदावतो किंवा उडी मारतो. मला आमच्या मशिदीतला तक्ता आठवला. पाच नमाजांच्या पाच तबकड्या, प्रत्येकीला हाताने फिरवायचे काटे. जमातीची वेळ बदलली की अब्बा खुर्चीवर चढून बोटाने काटे सरकवायचे. लहानपणी मला वाटायचं, अब्बांनी काटा सरकवला म्हणूनच सूर्य लवकर बुडतो.

त्या अब्बांची शेवटची रात्र मी दवाखान्यात त्यांच्या उशाशी काढली. डॉक्टर म्हणाले होते, सकाळी बघू. त्यामुळे सकाळ व्हावी एवढंच माझ्या डोक्यात होतं. अब्बांना झोप नव्हती. थोड्या-थोड्या वेळाने विचारायचे, "किती वाजले?" मी सांगायचो, "झोपा अब्बा, आता उजाडेलच." साडेबाराला हेच सांगितलं, दोनलाही हेच. त्यांना वेळ नव्हती विचारायची, बोलायचं होतं, हे मला तेव्हा कळायला हवं होतं. फजरच्या सुमारास ते गेले.

त्या रात्री माझ्या हातात ते वाद्य असतं, तर मी जोडीचे सूर वाजवले असते. रात्र गाळून थेट सकाळ. आणि आता, तिसऱ्या दिवशी, मला तीच रात्र परत हवी होती, तीही उलट्या सुरांवर, हळू चालणारी.

"सारखं मागे गेलं तर बिघडतं काय?" मी भाच्याला विचारलं.

"पैसे जातात, बाण जातात. बँकेत टाकलेले पैसे तेवढे राहतात." मग जरा थांबून म्हणाला, "आणि माणसं विसरतात. सराईत एक अंजू आहे. तिचं लग्न ठरलेला काफेई हरवलाय. मी तीन दिवस धावपळ करून दोघांची भेट घडवली. मागे आलो, तर ती पुन्हा एकटीच वाट बघत उभी. मला ओळखतसुद्धा नाही."

"मग तुझी सगळी धावपळ फुकट?"

"नाही ना. त्यांनी दिलेला मुखवटा माझ्याकडेच राहतो."

मी गप्प झालो. त्या रात्री तीन वाजता अब्बांनी माझा हात धरला होता आणि बराच वेळ सोडला नव्हता. मी मागे गेलो असतो, तर तेही पुसलं गेलं असतं. चांगलं बोलणारा मुलगा होण्याच्या नादात तो हात मला परत मिळाला असताच, असं नाही.

संध्याकाळी मगरिबला मशिदीत गेलो. थंडीचे दिवस सुरू झाले होते. नमाजनंतर इमामसाहेब म्हणाले, "ईशाची वेळ पाच मिनिटं अलीकडे घ्यायचीय. तुमचे अब्बाच करायचे हे."

भाच्याने खुर्ची आणली. मी चढलो. काटा कडक होता, बोटाने जोर लावावा लागला. खालून भाच्याने विचारलं, "मामू, किती वाजले?"

मी खाली उतरलो, त्याच्याजवळ बसलो आणि त्याला वेळ सांगितली.