बाबांचं जयपूर

बाबांची जयपूरला बदली झाली तेव्हा मी शाळेत होते. १८७६ साली इंग्लंडचा युवराज येणार म्हणून सवाई रामसिंहांनी हे शहर एका रंगात रंगवून घेतलं, हे तिथे पोहोचल्याबरोबर कोणीतरी सांगितलं. गुलाबी म्हणतात खरं, पण जोहरी बाजारातल्या भिंती गेरूकडेच जास्त झुकतात. संध्याकाळच्या तिरप्या उन्हात तर त्या आतून तापल्यासारख्या दिसायच्या.

बाबांना त्या मातकट दिसत. लाल आणि हिरव्यातला फरक त्यांना कळायचा नाही. गणपतीत जास्वंद काढायला ते गेले की पानांआडची फुलं हाताने चाचपत शोधायचे, निम्मी तरी झाडावरच राहायची. निळा मात्र त्यांना लख्ख दिसे. म्हणून असेल, जयपूरच्या ब्लू पॉटरीचं त्यांना वेड होतं. गारगोटीची पूड, काच आणि मुलतानी माती यांच्या लगद्याच्या त्या बशा, त्यांवरची कोबाल्टची निळी वेलबुट्टी. एकेक बशी ते दाराशी नेऊन उजेडात धरायचे.

लाल-हिरवा ओळखणाऱ्या पेशींची जनुकं एक्स गुणसूत्रावर असतात, आणि बापाजवळचं एकुलतं एक एक्स मुलीलाच मिळतं. म्हणजे बाबांची नजर माझ्यात आहेच. आईकडून आलेल्या दुसऱ्या एक्समुळे मला रंग नीट दिसतात, एवढंच. माझ्या मुलात ती उतरण्याची शक्यता निम्मी होती. इशिहारा चाचणीच्या ठिपक्यांमधला आकडा त्याला दिसेना, तेव्हा डॉक्टर धीर देण्याच्या सुरात बोलू लागले. मला मात्र भरून आलं ते बाबांच्या आठवणीने. ज्या नजरेने मी स्वतः कधी काही पाहिलं नाही, ती माझ्याच हातून पुढे गेली होती.

पुढे त्याला हवामहालासमोर उभं केलं. रंगाबद्दल तो काही बोललाच नाही. झरोक्यांभोवतीच्या पांढऱ्या नक्षीवर मात्र बोलत राहिला: ही रेघ कुठून सुरू होते, तिथे कशी वळते. माझ्या लेखी ती नक्षी म्हणजे गुलाबीची किनार होती. त्याला अख्खी भिंतच नक्षीची दिसत होती. त्याचं जयपूर अपुरं आहे असं मला वाटत नाही. बाबांचंही नव्हतं. त्यांनी भिंतींत काय पाहिलं, हे मी त्यांना कधी नीट विचारलं असतं तर फार बरं झालं असतं.

मुलाला मी विचारते. तोही कंटाळत नाही. यंदा पुण्याच्या घराला रंग द्यायचाय. रंगाच्या कार्डावर बोट त्याने ठेवायचं, असं आमचं ठरलंय.