टाळ्या न वाजविणारा मित्र

सेमिनरीत असताना एका सुट्टीच्या रात्री आम्हांला जॉन फोर्ड यांचा ‘स्टेजकोच’ हा १९३९ सालचा चित्रपट दाखविण्यात आला. अपाची लोक घोडागाडीचा पाठलाग करीत होते, प्रवाशांच्या गोळ्या संपत आल्या होत्या, इतक्यात घोडदळाचा बिगूल वाजला. आम्ही कडाडून टाळ्या वाजविल्या. माझ्या शेजारचा छोटानागपूरचा आदिवासी सहाध्यायी मात्र स्तब्ध होता. बाहेर पडताना तो एवढेच म्हणाला, “ती जमीन मुळात कोणाची होती?” मजजवळ उत्तर नव्हते.

काउबॉयच्या चित्रपटांचा ऱ्हास का झाला हे वाचताना मला पुढे तोच प्रश्न आठवत राहिला. एके काळी हॉलीवूडमध्ये या चित्रपटांचे अमाप पीक येई. १९५० नंतर दूरचित्रवाणीने हेच घोडेस्वार घरोघर आणून बसविले. जे घरबसल्या दिसते त्यासाठी तिकीट कोण काढणार? १९७७ साली ‘स्टार वॉर्स’ आला आणि मुलांचे मन माळरान सोडून अंतराळात गेले. १९८० साली ‘हेवन्स गेट’ हा चित्रपट सुमारे ४ कोटी ४० लाख डॉलर गिळून साफ कोसळला, तेव्हा भांडवलवालेही कचरले.

ही झाली बाजाराची कारणे. एक कारण मात्र अंतःकरणातील आहे. व्हिएतनामच्या युद्धाने अनेक अमेरिकन तरुणांना आपल्याच बंदुकीकडे संशयाने पाहावयास लावले. २९ डिसेंबर १८९० रोजी वूंडेड नी येथे सैन्याने लकोटा लोकांची, बायकामुलांसह, कत्तल केली होती. तिची आठवण जागी झाली. १९७० च्या ‘लिटल बिग मॅन’मध्ये घोडदळ येते तेव्हा प्रेक्षकाचा जीव छावणीतील लेकरांसाठी कासावीस होतो. घोडदळ तेच, टाळ्या मात्र थांबल्या.

त्यानंतरही चांगले चित्रपट निघाले. १९९२ च्या ‘अनफर्गिव्हन’ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले, पण त्याच्या नायकाला आपण केलेल्या हत्या विसरता येत नाहीत. ज्या कथेत मारणारा नेहमीच निर्दोष असे, ती कथा लोकांना पूर्वीसारखी पटेनाशी झाली.

आईबापहो, आपली मुले पडद्यावरील मारामारी पाहून हर्षाने ओरडतात तेव्हा त्यांना रागे भरू नका. जवळ बसून एवढेच विचारा, “बाळ, तो पडला त्याचे घर कोठे असेल?”

गेल्या नाताळात मी त्या मित्राला पत्र धाडले. लिहिले, “जमीन त्यांचीच होती. उत्तर द्यावयास वीस वर्षे लागली, क्षमा कर.”